गीताचा धनी कोण?

भोपाळ नगरीचे नाव निघाले की तलाव, बेगमांची राजवट आणि उर्दू मुशायरे ही तीन हटकून आठवतात. या नगरीने हिंदी चित्रपटसृष्टीस किती शब्द पुरविले, याची आठवण मात्र सहसा कोणी काढीत नाही. फाळणीनंतरच्या काळात फजली बंधूंच्या 'दुनिया' या चित्रपटाची गीते आरजू लखनवी लिहीत होते. ते मध्येच पाकिस्तानात निघून गेले आणि त्यांच्या रिकाम्या जागी असद भोपाली या तरुण शायराची वर्णी लागली. १९४९ मध्ये पडद्यावर आलेल्या या चित्रपटाचे संगीत पुणतांब्याच्या रामचंद्र चितळकरांचे, म्हणजे रसिकांच्या सी. रामचंद्रांचे होते. सहा वर्षांनी, १९५५ मध्ये, त्याच चितळकरांनी 'यास्मिन'ची गाणी बांधली. ती लिहिणारे जाँ निसार अख्तर हे मुंबईची वाट धरण्यापूर्वी भोपाळच्या हमीदिया महाविद्यालयात उर्दूचे प्राध्यापक होते. 'पाकीजा'च्या गीतकारांत कैफ भोपाली आहेत. असद भोपालींच्या हयातीच्या शेवटी गाजलेला चित्रपट १९८९ चा 'मैंने प्यार किया'. त्याचे संगीतकार 'राम-लक्ष्मण' म्हणजे नागपूरचे विजय पाटील. शब्द भोपाळचे आणि चाल मराठी माणसाची, असा योग या चाळीस वर्षांत अनेकदा जुळून आला.

ही गाणी लोकांच्या ओठी राहिली. ती तबकड्यांवरून विकली गेली, रेडिओवर वाजली, चित्रगृहांत आणि पुढे दूरचित्रवाणीवर दाखविली गेली. आणि प्रत्येक वेळी त्यांतून कोणास तरी द्रव्यप्राप्ती झाली. ती कोणास झाली आणि कोणत्या अधिकाराने झाली, हा प्रश्न वकिलांचा म्हणून बाजूस सारण्याची आपल्याकडे रीत आहे. आमच्या मते तो वाङ्मयेतिहासाचाही प्रश्न आहे, कारण कवीच्या घरची चूल त्याच्याशी निगडित होती. त्या काळी कलावंतांच्या बाजूचा कायदाच नव्हता म्हणून ते नाडले गेले, असा एक समज रूढ आहे. हा समज आम्हांस मान्य नाही. कायदा होता, आणि १९५७ सालचा कायदा तर कवी व संगीतकार यांचा स्वतंत्र हक्क मान्य करणारा होता. हे कलावंत नाडले गेले ते त्यांनीच सही केलेल्या करारपत्रांनी आणि त्या सहीमागच्या गरजेने.

गीताच्या मालकीची कल्पना आपल्याकडे इंग्रजांबरोबर आली, असेही म्हणता येत नाही. घराणेदार गवयांनी आपल्या चिजा किती कसोशीने सांभाळल्या, हे सर्वश्रुत आहे. शिष्याने वर्षानुवर्षे सेवा करावी आणि गुरूची मर्जी झाली की एखादी अस्ताई-अंतरा पदरात पडावा, असा तो व्यवहार होता. चीज गाता येणे आणि दुसऱ्यास देता येणे या दोन भिन्न गोष्टी मानल्या जात. आजच्या कायद्याची भाषा वापरावयाची तर वापराचा परवाना आणि मालकी यांतील भेद त्या निरक्षर उस्तादांस पक्का ठाऊक होता. ही बंद दारे ज्यांनी उघडली, ते पंडित विष्णु नारायण भातखंडे शिक्षणाने वकील होते, हा योगायोग आम्हांस फार सूचक वाटतो. १८८७ मध्ये त्यांनी कायद्याची पदवी घेतली, काही काळ वकिलीही केली, आणि मग सारे आयुष्य चिजांच्या संग्रहाला व स्वरलेखनाला वाहिले. जयपूरच्या महंमद अली खाँ यांच्या घराण्यातील चिजा त्यांनी मोठ्या प्रयासाने मिळविल्या. १९१८ मध्ये ग्वाल्हेरास निघालेल्या माधव संगीत विद्यालयात त्यांची स्वरलिपी शिकविली जाऊ लागली. त्यांच्या 'क्रमिक पुस्तकमालिके'ने शतकांचे गुप्तधन सर्वांस खुले केले. ज्यांच्या घरातून ते निघाले, त्यांस त्याचा मोबदला काय मिळाला, हा प्रश्न त्या काळी कोणी विचारला नाही; पंडितजींचा हेतू निःस्वार्थ होता, म्हणून तो आजही विचारण्यास जीभ अडखळते.

संगीत नाटकाच्या व्यवहारात निराळी तऱ्हा दिसते. जुन्या नाटकाच्या पुस्तकावर 'सर्व हक्क ग्रंथकर्त्याच्या स्वाधीन' अशा अर्थाचा मजकूर छापलेला असे. नाटककाराचा हक्क लोकांस समजत होता. चाल देणाऱ्याचा हक्क मात्र कोठे नोंदलेला नसे. तरीही त्याच पुस्तकांत पदाच्या माथ्यावर 'चाल : अमुक' असे कंसात छापीत, आणि मूळ चीज, लावणी, गझल किंवा कानडी पद कोणते, याचा उघड कबुलीजबाब वाचकापुढे ठेवीत. कोणत्याही कायद्याने मागितलेला नसता दिलेला हा ऋणनिर्देश पुढे बोलपटांच्या श्रेयनामावलीतून नाहीसा झाला. 'मानापमान'च्या पदांना १९११ मध्ये चाली देणारे गोविंदराव टेंबे हेच १९३२ मध्ये प्रभातच्या 'अयोध्येचा राजा'चे संगीतकार झाले, आणि त्यात राजा हरिश्चंद्राची भूमिकाही त्यांनीच केली. रंगभूमीवरून पडद्यावर जाताना संगीतकाराचा नावलौकिक वाढला. मात्र आता तो नाटक मंडळीचा भागीदार किंवा सन्मान्य स्नेही न राहता चित्रसंस्थेचा पगारी नोकर, किंवा चित्रपटापुरता नेमलेला कारागीर झाला. कायद्याच्या दृष्टीने हा बदल फार मोठा होता. नोकराने नोकरीत केलेली वस्तू धन्याची, असे कायदा मानतो.

याच संदर्भात शांताराम आठवल्यांची एक गोष्ट सांगण्याजोगी आहे. १९३६ च्या 'संत तुकाराम'साठी त्यांनी एक अभंग रचला, केशवराव भोळ्यांनी त्याला चाल दिली, आणि तो इतका साधला की अनेक जाणत्या मंडळींनी तो तुकोबांचाच समजून गाथेत शोधला. कवीला याहून मोठी पावती मिळणे नाही. त्याच वेळी, रचना जितकी लोकांची होते तितके रचणाऱ्याचे नाव तिच्यापासून सुटे होते, हेही येथे दिसते.

आता कायद्याकडे वळू. कंपनी सरकारचा १८४७ चा कायदा ग्रंथांपुरता होता. १९१४ च्या कायद्याने इंग्लंडातील १९११ चा कायदा थोड्या फेरफाराने येथे लागू केला. स्वतंत्र भारताचा स्वतःचा स्वामित्वहक्क कायदा १९५७ मध्ये संमत झाला आणि २१ जानेवारी १९५८ पासून अमलात आला. त्यात 'संगीतकृती'ची व्याख्या पाहिली तर आश्चर्य वाटते. छापलेला, लिहून काढलेला किंवा अन्य प्रकारे अक्षरांकित केलेला स्वरमेळ, तेवढीच संगीतकृती! ही शब्दयोजना १९०२ च्या एका इंग्रजी कायद्यातील आहे. लंडनच्या रस्त्यांवर फेरीवाले लोकप्रिय गाण्यांच्या स्वरलिपीचे चोरटे कागद विकीत, त्यांचा बंदोबस्त करण्यासाठी तो कायदा झाला होता. तेथे संगीत कागदावर जन्मे आणि कागदावर विकले जाई, म्हणून व्याख्या कागदाची. आपल्याकडे संगीतकार पेटीवर बसून चाल गुणगुणतो, वादक ती कानाने टिपतात, गायिका दोन तालमींत ती गळ्यात उतरविते. कोणी स्वर लिहून घेतलेच तर ते तालमीपुरते. लंडनच्या फेरीवाल्यांसाठी बेतलेला अंगरखा पुणतांब्याच्या चितळकरांस घालावयाचा, तर तो नीट बसावा कसा? १९९४ च्या दुरुस्तीने ही व्याख्या बदलली. तोवर, बोलपट सुरू झाल्यापासून साठाहून अधिक वर्षे लोटली होती.

तथापि याच कायद्याच्या १३ व्या कलमात एक मोलाचे वाक्य होते. चित्रपटावर किंवा तबकडीवर हक्क निर्माण झाला, म्हणून तिच्यात अंतर्भूत असलेल्या मूळ कृतीवरील स्वतंत्र हक्कास बाध येत नाही, असा त्याचा भावार्थ. एकाच गीतात तीन मालमत्ता नांदतात असे मग म्हणावे लागते : शब्द कवीचे, चाल संगीतकाराची, आणि ध्वनिमुद्रण ते करविणाऱ्याचे. पण १७ व्या कलमाने उजव्या हाताने दिलेले डाव्या हाताने काढून घेण्याची सोय केली होती. मोबदला देऊन चित्रपट करविणारा हा त्याचा पहिला मालक; नोकरीत केलेल्या कृतीचा मालक धनी; आणि दोन्ही ठिकाणी 'विरुद्ध करार नसल्यास' ही पुस्ती. कायद्याने कलावंतास सांगितले की, तुला काही राखून ठेवावयाचे असेल तर करारात तसे लिहून घे. हे लिहून घेण्याचे सामर्थ्य किती जणांत होते?

या प्रश्नाचे उत्तर भोपाळच्या एका घरात सापडते. जाँ निसार अख्तर फाळणीनंतर ग्वाल्हेरहून भोपाळास आले. पतिपत्नी दोघेही हमीदिया महाविद्यालयात शिकवीत. पुरोगामी लेखकांच्या चळवळीशी त्यांचा निकट संबंध होता. १९४९ मध्ये जाँ निसार नोकरी सोडून मुंबईस गेले. सफिया अख्तर दोन लहान मुलांसह भोपाळात अध्यापन करीत राहिल्या. त्यांनी पतीस लिहिलेली पत्रे पुढे 'जेर-ए-लब' आणि 'हर्फ-ए-आशना' या नावांनी ग्रंथरूप झाली, आणि उर्दू गद्यात त्यांस मानाचे स्थान मिळाले. वाङ्मयाचे अभ्यासक त्यांतील प्रेम आणि विरह पाहतात, ते योग्यच आहे. आम्हांस त्यांत आणखीही काही दिसते. मुंबईतील कवीच्या उमेदवारीचा खर्च भोपाळातील एका प्राध्यापिकेच्या वेतनातून भागत होता. चित्रपटधंद्याने गीतकारास जे दिले नाही, ते त्याच्या पत्नीने दिले. सफिया जानेवारी १९५३ मध्ये निवर्तल्या. 'यास्मिन' पडद्यावर आला तो त्यानंतर दोन वर्षांनी. अशा स्थितीतील कवी निर्मात्यासमोर बसून प्रयोगाचे, प्रक्षेपणाचे आणि भाषांतराचे हक्क स्वतःकडे राखून ठेवील, ही अपेक्षा ज्यांनी १७ वे कलम रचले त्यांनी कोणत्या जगाकडे पाहून केली असेल, देव जाणे.

धंद्यात गीताचा मालक कोण समजला जात होता, हे त्याच सुमारास रेडिओच्या तंट्यात उघड झाले. १९५२ मध्ये माहिती व नभोवाणी खात्याची धुरा बाळकृष्ण विश्वनाथ केसकर या पुण्यात जन्मलेल्या विद्वान गृहस्थांकडे आली. चित्रपटसंगीताविषयी त्यांचे मत प्रतिकूल होते आणि आकाशवाणीवर त्याला त्यांनी कात्री लावली. गाणे लावताना चित्रपटाचे नाव सांगणे ही फुकटची जाहिरात होय, म्हणून तेही बंद केले. निर्माते संतापले आणि त्यांनी प्रक्षेपणाचे परवाने मागे घेतले. श्रोते रेडिओ सिलोनकडे वळले. १९५२ च्या डिसेंबरात सुरू झालेल्या 'बिनाका गीतमाले'चा भाग्योदय त्यातूनच झाला. १९५७ मध्ये 'विविध भारती' निघाली तेव्हा हा तंटा पुष्कळसा निवळला. केसकरांच्या अभिरुचीवर पुष्कळ लिहिले गेले आहे, त्यात आम्ही भर घालीत नाही. आमचे लक्ष वेधते ते इतकेच की, या साऱ्या तंट्यात दोन पक्ष होते, सरकार आणि निर्माते. ज्यांचे शब्द आणि ज्यांच्या चाली यांवरून तो चालला होता, त्यांस बोलाविण्याची गरज दोघांपैकी कोणासही भासली नाही.

संगीतकार व गीतकार यांनी स्वतःचे ठाणे बसविले ते १९६९ मध्ये. त्या वर्षी ऑगस्टात 'इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी' ही संस्था स्थापन झाली आणि लागलीच तिने चित्रगृहांसह सार्वजनिक वापराच्या शुल्काचे दरपत्रक प्रसिद्ध केले. चित्रपट दाखविला जातो तेव्हा त्यातील गीताचा सार्वजनिक प्रयोग होतो, म्हणून रचनाकारांस शुल्क मिळावे, ही तिची भूमिका. निर्मात्यांच्या व चित्रगृहचालकांच्या संघटनांनी हरकती घेतल्या. कॉपीराइट मंडळाने सोसायटीच्या बाजूने कौल दिला. कलकत्ता उच्च न्यायालयाने १९७४ मध्ये तो फिरविला. आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयापुढे आले. १४ मार्च १९७७ रोजी न्या. जसवंत सिंग व न्या. कृष्ण अय्यर यांच्या पीठाने निकाल दिला तो निर्मात्यांच्या बाजूने. मोबदला देऊन निर्मात्याने गीत करवून घेतले आणि विरुद्ध करार नसला, तर पहिला मालक निर्मातोच. आणि एकदा ते गीत चित्रपटाच्या ध्वनिपट्टीत गुंफले गेले की तो चित्रपट दाखविण्यास रचनाकाराची पुन्हा परवानगी लागत नाही, असा त्याचा सारांश. चित्रपटाबाहेर आपली कृती सादर करण्याचा हक्क संगीतकारास राहू शकतो असे न्यायालयाने म्हटले खरे, पण तोही त्याने राखून ठेवला असेल तर. जाँ निसार अख्तर त्याआधी सातच महिने, ऑगस्ट १९७६ मध्ये, निवर्तले होते.

कायद्याच्या शब्दांवर बोट ठेवून पाहिले तर हा निकाल चुकीचा म्हणता येणार नाही. म्हणूनच न्या. कृष्ण अय्यर यांनी त्याला जोडलेली टीप आम्हांस मूळ निकालाहून महत्त्वाची वाटते. निकालाशी सहमत होऊन त्यांनी लिहिले ते असे की, आपल्या कायद्यात गोड गळ्याला, आर्त सुराला, गाण्यातील प्राणाला स्थान नाही. स्थान आहे ते कागदावर उतरलेल्या स्वराकृतीला. गायकाचे वैभव हेच ज्या देशातील संगीताचे मर्म, तेथे गायकाला काहीच हक्क नसावा, ही विसंगती विधिमंडळाने दूर करावी. संगीताच्या हक्कांवर आपल्या देशात पुढे जी विधिचर्चा झाली, तिचे मूळ या टिपेत आहे असे म्हणण्यास हरकत नाही. न्यायमूर्तीने कायदा लागू करून लगेच त्याचे अपुरेपण नोंदवावे, हे धैर्य दुर्मिळ होय.

गायकांचा प्रश्न तोवर वीस-पंचवीस वर्षे धुमसत होताच. १९४९ च्या 'महल'ची तबकडी निघाली तेव्हा तिच्यावर गायिका म्हणून नाव छापले होते 'कामिनी'. कामिनी ही त्या चित्रपटातील व्यक्तिरेखा! गाणारी मुलगी इंदुरास जन्मलेली, मास्टर दीनानाथांची कन्या लता. श्रोत्यांनी आकाशवाणीस पत्रे लिहून विचारणा केली, तेव्हा खरे नाव बाहेर आले. नावापासून हा झगडा सुरू झाला आणि साठीच्या दशकात द्रव्यापर्यंत आला. पार्श्वगायकास स्वामित्वधनाचा वाटा मिळावा असा आग्रह लताबाईंनी धरला. मानधन घेतले की गायकाचा संबंध संपला, असे महंमद रफी यांचे मत पडले. आणि या मतभेदापायी दोघांनी काही वर्षे एकत्र गाणे सोडले. रफीसाहेबांचा निर्लोभीपणा थोर होता यात शंका नाही. पण निर्लोभी माणसाच्या उदारपणावर धंद्याची नीती उभारली म्हणजे तिचा लाभ निर्लोभी नसलेल्यांसच होतो. लताबाईंचीच बाजू आम्हांस रास्त वाटते.

१९९४ मध्ये संसदेने कलावंतांचा 'प्रयोगहक्क' कायद्यात आणला आणि कृष्ण अय्यर यांची सूचना फळास आली असे क्षणभर वाटले. परंतु त्याच कलमाच्या शेवटी एक खुबी होती : कलावंताने आपले गायन चित्रपटात घेऊ दिले की हा हक्क त्यापुरता संपला. म्हणजे मैफलीतील गवयास संरक्षण आणि पार्श्वगायकास नाही. ज्यांच्यासाठी दार उघडावयाचे, तेच बाहेर राहिले.

आणि आता आपण पुन्हा भोपाळास येतो. जाँ निसार व सफिया यांचा थोरला मुलगा जावेद भोपाळच्या सैफिया महाविद्यालयात शिकला. आईचे छत्र गेलेले, वडील मुंबईस; मित्रांच्या आधारावर त्याचे ते दिवस गेले, असे त्याने स्वतःच पुढे लिहिले आहे. १९६४ च्या ऑक्टोबरात तो मुंबईस आला. इंदूरच्या सलीम खान यांच्याबरोबर त्याने पटकथा लिहिल्या, आणि १९७३ च्या 'जंजीर'च्या वेळी भिंतींवरील जाहिरातपत्रांवर लेखकांची नावे नाहीत, असे पाहून या जोडीने रंगारी लावून ती स्वतः रंगवून घेतली! ही कथा लोक गमतीने सांगतात. आम्हांस तीत 'कामिनी'च्या तबकडीचे उत्तर दिसते. जावेद अख्तर २०१० मध्ये राज्यसभेवर राष्ट्रपतिनियुक्त सदस्य म्हणून गेले, आणि त्याच वर्षी स्वामित्वहक्क दुरुस्ती विधेयक तेथे मांडले गेले. दोन वर्षे ते स्थायी समिती आणि वाटाघाटी यांत राहिले. निर्मात्यांचा व ध्वनिमुद्रण कंपन्यांचा विरोध तीव्र होता. गीतकार आणि संगीतकार यांस करारात काय सोसावे लागते, याची कैफियत जावेद अख्तरांनी सदनापुढे मांडली, आणि १७ मे २०१२ रोजी राज्यसभेने व पाच दिवसांनी लोकसभेने विधेयक संमत केले. २१ जून २०१२ पासून ते अमलात आले. ज्या घराने गीतकाराच्या धंद्याची किंमत पत्रांतून मोजली, त्याच घरातील मुलाने ती कायद्यात मांडून दाखविली.

या दुरुस्तीने १७ व्या कलमातील ती पुस्ती निष्प्रभ केली. चित्रपटात अंतर्भूत झालेल्या शब्दांवरील व चालीवरील रचनाकाराच्या हक्कास निर्मात्याच्या मालकीने बाध येणार नाही, असे आता कलम सांगते. त्याहून मोठा बदल १८ व्या कलमात आहे. चित्रगृहात चित्रपटाबरोबर होणारा वापर सोडून इतर कोणत्याही वापराच्या स्वामित्वधनात रचनाकाराचा समान वाटा राहील, आणि हा वाटा त्यास विकता येणार नाही, सोडून देताही येणार नाही. तो फक्त वारसांस किंवा हक्कसंस्थेस देता येईल. तसा करार केलाच तर तो रद्दबातल. ज्याची सही गरजेपोटी होते, त्याला त्याच्या सहीपासूनच वाचवावयाचे, असे हे धोरण आहे. करारस्वातंत्र्याच्या भक्तांना ते खटकते. आम्हांस विचाराल तर, ज्यांचे करार आम्ही वर वर्णिले त्यांस असे स्वातंत्र्य कधी लाभलेच नव्हते. गायकांनाही व्यापारी वापराच्या स्वामित्वधनाचा हक्क मिळाला, आणि १९९४ ची ती खुबी रद्द झाली.

'चित्रगृह सोडून' या शब्दांत दूरचित्रवाणीचे सारे महत्त्व सामावले आहे. १९७२ मध्ये मुंबई दूरदर्शन सुरू झाले आणि चित्रपटगीतांचे कार्यक्रम घरोघरी पाहिले जाऊ लागले. १९९० नंतर खासगी वाहिन्या आल्या. गीताची खरी कमाई चित्रगृहाबाहेर होऊ लागली. दूरचित्रवाणी मालिका हीदेखील कायद्याच्या व्याख्येत चित्रपटच मोडते, म्हणून तिच्या शीर्षकगीताचा कवी व संगीतकारही या संरक्षणाखाली येतात. तरी वाहिन्या आणि रेडिओ कंपन्या सहजासहजी बधल्या नाहीत. ध्वनिमुद्रणाच्या मालकास पैसे दिले की शब्द व चाल यांसाठी वेगळे देणे नाही, असा त्यांचा युक्तिवाद होता, आणि जुलै २०११ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने जुन्या कायद्यान्वये तो मान्यही केला होता. दुरुस्तीनंतर तेच न्यायालय काय म्हणते याकडे सर्वांचे लक्ष होते. २८ एप्रिल २०२३ रोजी न्या. मनीष पितळे यांनी दोन रेडिओ कंपन्यांविरुद्ध सोसायटीने लावलेल्या दाव्यांत अंतरिम आदेश दिला : ध्वनिमुद्रण प्रक्षेपित होते तेव्हा त्यातील शब्द व चाल यांचाही वापर होतो, आणि २०१२ नंतर त्यांच्या रचनाकारांस स्वामित्वधन देणे भाग आहे. १९७७ च्या निकालाचा आधार या बदललेल्या कायद्यापुढे टिकत नाही, असेही त्यांनी विवेचिले. सोसायटीचे अध्यक्षपद त्या वेळी जावेद अख्तर यांच्याकडे होते. भोपाळात १९९७ च्या कायद्याने स्थापन झालेले राष्ट्रीय विधि विद्यापीठ आहे. तेथील अभ्यासकांनी या विषयाचा आरंभ परदेशी निवाड्यांऐवजी आपल्याच गावच्या शायरांच्या करारांपासून करावा, असे आम्ही सुचवितो.

एक हिशेब अजून उरतो. 'यास्मिन' १९५५ चा. तबकडी व चित्रपट यांवरील हक्क प्रसिद्धीच्या पुढील वर्षारंभापासून साठ वर्षे टिकतो. तो २०१५ च्या अखेरीस संपला. शब्दांवरील हक्क कवीच्या मृत्यूनंतरच्या वर्षापासून साठ वर्षे, म्हणजे जाँ निसार अख्तर यांच्या बाबतीत २०३६ अखेरपर्यंत. चितळकर जानेवारी १९८२ मध्ये निवर्तले, म्हणून चालीवरील हक्क २०४२ अखेरपर्यंत. एकाच गाण्याची तबकडी सर्वांस मोकळी, आणि तिच्यातील शब्द व चाल अद्याप कोणाच्या तरी मालकीची, अशी ही अवस्था आहे. ते 'कोणाचे तरी' म्हणजे वारसांचे, की निर्मात्याकडून हक्क घेणाऱ्या कंपनीचे, हे १९५५ च्या करारपत्रावर अवलंबून राहील. आणि २०१२ चे संरक्षण त्यापूर्वी झालेल्या करारांपर्यंत कितपत पोहोचते, याविषयी विधिज्ञांत अद्याप एकमत नाही.